तांब्यावर पेला

॥ श्री बसवेश्वर प्रसन्न ॥

अहमदपूर,
रविवार, ९ फेब्रुवारी २००३

चि. बसवंत यास अक्काचा आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. पाच ओळी आणि त्यात तीन चुका. तुला मुळाक्षरं मी गिरवायला लावली हे नांदेडात कुणाला सांगू नकोस, माझी मास्तरकी जाईल. इकडे बरं आहे. शाळा चालू आहे, चौथीच्या पोरांच्या कलकलाटात दिवस निघून जातो. संध्याकाळ मात्र जाता जात नाही. मुग्धाची सायकल मी शेजारच्या पोरीला देऊन टाकली. रोज दारात उभी दिसायची, लई बेजार करायची.

संक्रांतीला तुझी कुसुम येईल म्हणून वाट बघितली. तिने मागून कळवलं की घरी लातूरचे पाहुणे होते. लातूरला तुमचं कोण आहे रे? असेल तुझ्या ऑफिसातलं कुणी.

आता मुद्द्याचं. तू लातूरला जाऊन मुग्धाच्या मरणाची पोलिसांत तक्रार दिलीस, गुन्हा नोंदवून घ्यायला लावलास, हे मला अनंतराव वकिलांकडून कळलं. मला आधी का नाही सांगितलंस? पण असू दे. मी गेले होते तेव्हा त्याच ठाण्यात मला खुर्ची दिली, पाणी दिलं आणि 'अकस्मात मृत्यू आहे बाई, मन घट्ट करा' म्हणून वाटेला लावलं. म्हणून तर क्लासवाल्यांवर कोर्टात खाजगी फिर्याद टाकावी लागली. माझ्याने झालं नाही ते तू मामा म्हणून करून दाखवलंस. एवढी वर्षं पोलिसांच्या ऑफिसात कारकुनी करतोस, तिचा खरा उपयोग आता झाला. बातमी ऐकली त्या दिवशी मी शाळेत पेढे वाटले. बायका माझ्याकडे बघतच राहिल्या. लेक मातीत ठेवून आलेली बाई पेढे वाटते, म्हणजे हिचं डोकं फिरलं. म्हणू देत.

पण गुरुवारी तारीख होती आणि तिथे भलतंच झालं. त्या दिवशी उज्वलाचा जबाब व्हायचा होता. उज्वला म्हणजे मुग्धाच्या खोलीत राहायची ती किनवटची मुलगी, तू तिला मुग्धाच्या दिवसांना पाहिलं आहेस. बापाला घेऊन आली होती. केसाला चापूनचोपून तेल, हातात रुमाल, तोंडी परीक्षेला आल्यासारखी बाकावर बसून होती. आमचं नाव पुकारलं आणि सरकारी वकिलांनी न्यायाधीशांपुढे कागद ठेवला की याच प्रकरणात पोलिसांचा तपास सुरू झाला आहे. न्यायाधीशांनी तो वाचला आणि हुकूम सांगितला. पोलिसांचा अहवाल येईपर्यंत फिर्यादीचे कामकाज तूर्त थांबविण्यात येते. उज्वलाला कुणी नावसुद्धा विचारलं नाही. बापलेक आल्या पावली परत गेले.

मी अनंतरावांवर चिडले. ते बिचारे शांतपणे म्हणाले, बाई, एकाच गोष्टीचा दोन ठिकाणी तपास चालू नये म्हणून कायदाच तसा आहे. अहवाल आला की पुढे जाता येतं. अहवालात कुणावर ठपका नसला तर आपली फिर्याद पुन्हा सुरू होते. ती मेलेली नाही, झोपलेली आहे. मी म्हटलं, वकीलसाहेब, आमच्या भागात भूकंपाच्या पहाटे झोपलेल्यांचं काय झालं ते मला विचारा.

तूर्त हा शब्द मी पोरांना शिकवते. तूर्त म्हणजे सध्यापुरतं. सध्यापुरतं म्हणजे किती, असं एका पोराने विचारलं होतं, तेव्हा मी त्याला पुढचा शब्द वाचायला सांगितला होता.

तू पोलिसांत काय काय सांगितलंस ते मला सविस्तर लिही. आपल्या दोघांच्या बोलण्यात फरक नको. माझं म्हणणं एवढंच आहे, आणि उज्वलाचंही तेच. दुपारी अभ्यासाच्या तासाला क्लासच्या वसतिगृहाच्या जिन्यातल्या जाळीच्या दाराला बाहेरून कुलूप घालायचे. पोरी खाली उतरू नयेत, पुस्तकातून डोकं वर काढू नये, क्लासचा निकाल झळकावा. मागच्या श्रावणात त्या दिवशीही घातलं, आणि किल्ली कमरेला लावून रेक्टरबाई घरी जेवायला गेल्या. शेजारच्या प्लॉटवर बोअरची गाडी लागली होती. जमीन थरथरली आणि मुग्धाचा पेला पडला.

पेल्याचं तुला सांगायला नको. भूकंपात तिचे वडील आणि आजी घराखाली गेले, आम्ही दोघी उकाड्याने अंगणात निजलो होतो म्हणून उरलो. तेव्हापासून पत्र्याच्या शेडमध्ये असो की इथे, उशाशी तांब्या आणि तांब्यावर उपडा पेला. जमीन हलली की पेला पडतो, पेला पडला की मागे न बघता बाहेर पळायचं. सात वर्षांच्या पोरीला मी हे शिकवलं. कुसुम हसायची. वसतिगृहातल्या मुलीही हसायच्या, तरी ती टेबलावर तांब्या ठेवूनच अभ्यासाला बसायची. पेला पडला तशी ती पळाली आणि जिन्याखाली जाळीला धडकली. उज्वला तिच्या मागेच होती. मुग्धाने जाळी गदागदा हलवली, हाका मारल्या, खाली कुणी नव्हतं. मग ती उलटी वर पळाली आणि दुसऱ्या मजल्याच्या गॅलरीतून पाइप धरून उतरायला गेली.

लोक मला तोंडावर म्हणतात, तूच शिकवलंस. हो, शिकवलं. बरोबरच शिकवलं. पळणाऱ्याला दार उघडं पाहिजे, एवढंच माझं म्हणणं आहे, आणि ते मला कोर्टात ऐकवायचं आहे.

शिवरात्रीला जमलं तर ये. लेकीला म्हणावं, रुद्राणी, अकरावी म्हणजे सुटीचं वर्ष नव्हे. पत्राचं उत्तर धाड.

तुझी अक्का,
शिवकांता


॥ श्री बसवेश्वर प्रसन्न ॥

अहमदपूर,
रविवार, २३ मार्च २००३

चि. बसवंत यास आशीर्वाद.

पाडवा तोंडावर आला. यंदा माझ्याकडे गुढी नाही, तुम्ही उभारा. रुद्राणीची परीक्षा चालू असेल. तिला रात्री जागू देऊ नका, आणि दही खायला घाला.

शिवरात्रीला तू आला नाहीस. मी दरवाजाकडे बघत होते, दुसरं काय. आता कामात असशील, समजते.

मागच्या आठवड्यात लातूरला जाऊन आले. वसतिगृहावरून गेले. जिन्याच्या तोंडाशी जाळीचं दार होतं ना, ते नाही. नुसतं मोकळं. बिजागऱ्यांच्या जागी गिलावा करून वर चुना मारलाय. मी हात लावला तर चुना बोटाला आला. वॉचमन धावत आला. त्याला विचारलं, इथलं दार कुठे गेलं? तो म्हणतो, "हितं दार कधी नव्हतंच, बाई." मी त्याला माझं पांढरं बोट दाखवलं. तो खाली बघून फाटकाकडे परत गेला. म्हातारा माणूस आहे, पोटासाठी बोलतो, त्याच्यावर राग काढून काय करायचं. रेक्टरबाईही नोकरी सोडून माहेरी गेल्या म्हणे. कुठलं माहेर ते कुणालाच ठाऊक नाही.

तपासाचे साहेब माझ्याकडे येऊन गेले. चहा घेतला, मुग्धाचा फोटो बघितला. चाचणीत मार्क कमी पडले होते का, घरी चिडचिड करायची का, कुणा मुलाशी बोलायची का. सगळं तिचंच. दाराचं एक अक्षर नाही. मीच म्हटलं, साहेब, कुलपाचं विचारा. ते म्हणाले, ओघात येईल. काय तपास करायलेत कुणास ठाऊक.

शाळेतही बरं नाही. हेडमास्तरांनी बोलावून सांगितलं की वरून माझ्या बदलीची चौकशी झाली. पार जिल्ह्याच्या टोकाला टाकतील असं दिसतं. शाळा सुटताना एक पांढरी जीप फाटकासमोर उभी असते. आतला माणूस उतरत नाही, काही बोलत नाही. पोरं तिच्या काचेत तोंड बघून वेडावतात. मी त्यांना दुसऱ्या वाटेने घरी पाठवते.

मधल्या दोन्ही पत्रांत तू उज्वलाचं विचारलंस. कुठे असते, कुणाजवळ असते, बोलायची तयारी आहे ना. कोर्टाचं काम म्हणून काळजी करतोस, चांगलंच आहे. ती किनवटच्या घरी नाही. तिच्या बापाला कुणीतरी शेतात गाठून शहाणपण शिकवून गेलं, तेव्हापासून मी तिला तिथून हलवलं. ती हदगावला आहे, गुणाबाई नावाच्या आत्याकडे. कापसाच्या मार्केटमागे निळ्या दाराचं घर. हे मी अनंतरावांनासुद्धा सांगितलं नाही. तू पाठचा भाऊ, म्हणून तुला सांगते. फक्त तुला.

तुझ्या तक्रारीत जाळीच्या दाराचं लिहिलं आहेस ना? मागच्या पत्रात विचारलं होतं, तेवढ्याचं उत्तर आलं नाही. सवडीने कळव.

मुग्धा लहान असताना तू तिला खांद्यावर घेऊन माळेगावची जत्रा दाखवली होतीस, ते परवा आठवलं. तिने उंटाला नमस्कार केला होता. उगीच आठवलं.

तब्येतीला जप. खोकला अंगावर काढू नकोस.

अक्का


अहमदपूर,
रविवार, १८ मे २००३

बसवंत,

वर देवाचं नाव घातलं नाही, आशीर्वादही लिहिला नाही. विसरले म्हणून नव्हे.

शुक्रवारी लातूरहून फोन केला, काल इथून केला. कुसुम म्हणाली, हे घरी नाहीत, आणि माझं ऐकायच्या आत फोन ठेवला. मागून तुझा खोकला ऐकू येत होता. तो खोकला मी तुझ्या लहानपणापासून ओळखते, रात्र रात्र तुझ्या छातीला तेल चोळलंय. म्हणून हे पत्र पोस्टात न टाकता नांदेड गाडीच्या कंडक्टरच्या हातात देते. आज संध्याकाळी तुझ्या हातात पडेल. पहिल्यापासून शेवटपर्यंत वाच, मध्ये ठेवून देऊ नकोस.

गुणाबाई उज्वलाची आत्या नाही. ती माझ्याबरोबर डी.एड.ला होती, हदगावच्या शाळेत शिकवते. उज्वलाला तिने जन्मात पाहिलेलं नाही आणि उज्वलाने हदगाव पाहिलेलं नाही. निळ्या दारामागे ती पोरगी आहे हे जगात फक्त एका ठिकाणी लिहिलेलं होतं, तुला धाडलेल्या पत्रात. त्या पत्राला मला उत्तर आलं नाही. उत्तर हदगावला गेलं. बाजाराच्या दिवशी दोन माणसं जीप घेऊन गुणाबाईच्या दारात आली. किनवटची उज्वला कुठाय म्हणाली. गुणाबाईने विचारलं, तुम्हाला कुणी पाठवलं? तर त्यातला एक म्हणतो, "त्या मेलेल्या पोरीच्या मामानं."

मी तांब्यावर पेला ठेवला होता, बसवंत. तो पडला.

असं का केलं म्हणशील, तर ऐक. शिवरात्रीच्या आधीच अनंतरावांनी तुझ्या तक्रारीची नक्कल काढून आणली होती. मी ती उभ्यानेच वाचली. त्यात लिहिलंय, माझी भाची अभ्यासाच्या ताणाने खचली होती, माझा कुणावर संशय नाही, तरी तपास व्हावा. जाळी नाही. कुलूप नाही. बोअरची गाडी नाही. खाली तुझी सही, 'ब'चं पोट अजून तसंच उघडं. लहानपणी त्यासाठी माझी पट्टी खाल्लीस. अनंतराव चष्मा पुसत म्हणाले, बाई, ही तक्रार गुन्हा शोधायला दिलेली नाही, तुमची फिर्याद थांबवायला दिलेली आहे. ती पुढे गेली असती तर त्या गुरुवारी मुलगी बोलली असती.

आणि मी त्याचे पेढे वाटले.

तरी माझं मन मानेना. म्हटलं, ठाण्यातल्या लेखनिकाने मनाचं लिहिलं असेल, आमच्या बसवंतने न वाचता सही ठोकली असेल, तो असाच धांदरट. म्हणून हदगाव लिहिलं. रोज वाटायचं, त्या निळ्या दारात कुणी न येवो. साक्षीदार वाचावी म्हणून नव्हे, ती तिथे नव्हतीच. माझा भाऊ वाचावा म्हणून.

एवढं सगळं मी गिळलं असतं आणि जे बोलायचं ते कोर्टातच बोलले असते. पण हे पत्र दुसऱ्याच कारणाने लिहिते आहे.

शुक्रवारी तारखेला गेले. अहवाल अजून आलेला नाही, पुढची तारीख मिळाली. परत येताना पाय आपोआप वसतिगृहाकडे वळले. जाळीचं दार पुन्हा बसवलंय. आधीचं गंजलेलं होतं, हे नवं, जाड सळ्यांचं, हिरवा रंग दिलेलं. दुपारची वेळ. बाहेरून कुलूप. मी बघत उभी राहिले तेवढ्यात आतून हाक आली, "आत्या!"

सळ्या धरून तुझी रुद्राणी उभी होती.

पोरगी आनंदाने सांगत होती. उन्हाळी वर्गाला आले, बाबांनी सरळ पहिल्या तुकडीत घातलं, तिथे प्रवेश मिळवायला लोक वर्षभर खेटे घालतात. क्लासचे सर स्वतः संक्रांतीला घरी आले होते. तेव्हा मला ते लातूरचे पाहुणे समजले. मी तिला विचारलं, मुग्धाताई इथेच राहायची, माहीत आहे ना? ती म्हणाली, "नाही आत्या, बाबा म्हणाले ताईचं वसतिगृह वेगळं, मागच्या गल्लीतलं." दारापलीकडे उभ्या असलेल्या पोरीला मी काय सांगणार होते?

शेजारच्या प्लॉटवर बोअरची गाडी येऊन लागली आहे. मी त्या माणसाला विचारलं. उन्हाने जुन्या बोअरचं पाणी आटलं, सोमवारी नवीन पाडणार आहेत. सोमवार म्हणजे उद्या.

हे ऐकून मी पोरीचा निरोप घ्यायला जाळीशी परत आले. जिना चढता चढता तुझी लेक वळून म्हणाली, आत्या, मी पण टेबलावर तांब्या ठेवते, मुग्धाताईसारखा. वर पेला. मुली हसतात, हसू देत.

बसवंत, मी जाळीला धरून तिला म्हटलं, पेला ठेवू नको. पडला तरी जागची हलू नको. दहा वर्षांत मी पहिल्यांदा कुणाला असं सांगितलं. ती म्हणाली, "असं काय आत्या, तूच तर शिकवलंस."

नवी रेक्टरबाई आली. मी हात जोडले, पोरीला चार दिवस घरी नेते म्हटलं. ती म्हणाली, पालकाची सही लागते, आत्याची चालत नाही. तर सही तुझी लागते. सही करायला तू कधी मागे राहत नाहीस.

उद्या पहाटेची पहिली गाडी धर. दुपारच्या आत पोच. सरांना काय वाटेल, तुकडी जाईल, ऑफिसात कोण काय म्हणेल, याचा विचार गाडीत बसल्यावर कर. कुसुमला हे पत्र दाखव. ती आई आहे, तू नाही निघालास तर ती निघेल.

आणि एक उघड सांगून ठेवते, तुझ्यासारखं पाठीमागून नाही. रुद्राणीला बाहेर काढलंस म्हणून मी गप्प बसणार नाही. हा सौदा नव्हे. उज्वला आहे, सुखरूप आहे, कुठे आहे ते तुला कळणार नाही. पोलिसांना आज ना उद्या अहवाल द्यावा लागेल. माझी फिर्याद परत उभी राहील त्या दिवशी ती पोरगी कुलपाचं सांगेल आणि मी तुझ्या सहीचं सांगेन. बदली झाली तर त्या गावाहून येऊन सांगेन.

आपलं दोघांचं काय ते आज ठरवत नाही. मुग्धाला मी मातीत ठेवलं तेव्हा तू माझा खांदा धरून उभा होतास. तो हात खरा होता की खोटा, याचा माझ्याकडे अजून अहवाल आलेला नाही. कोर्टाने जसं थांबवून ठेवलं, तसं मीही थांबवून ठेवते.

आधी पोरीला आण.

तूर्त तुझी अक्का,
शिवकांता